वादळांचं राज्य

आज दुपारभर भाची आणि मी मोठा कागद पसरून एका राज्याचा नकाशा काढत बसलो. तिथली वादळं जिवंत आहेत. त्यांना नावं आहेत, रागलोभ आहेत. वादळ गावावरून गेलं की नदी उलटी वाहायला लागते, कालची गल्ली आज सापडत नाही.

"मामा, वादळ शंभर वर्षं जगतं का रे?" तिने विचारलं. मग तिला गुरू ग्रहावरचा तांबडा डाग दाखवला. पृथ्वीहून मोठं हे वादळ निदान दीडशे वर्षं सलग दिसतंय. १९७९ मध्ये व्हॉयेजर यानं जवळून गेली तेव्हा ते साधारण २३,००० किलोमीटर रुंद होतं, आता १६,००० च्या आसपास आलंय. ती जरा वेळ गप्प बसली. "म्हणजे ते म्हातारं होतंय." झालं, आमच्या राज्याला आकसत चाललेला एक राजा मिळाला!

ऋग्वेदातले वादळाचे देव, मरुत, तेही सांगितले. रुद्राचे मुलगे, हाती विजेचे भाले, रथाला ठिपक्यांच्या हरिणी. त्या हरिणी तिने लगेच उचलल्या. ढगांत खूर काढले, निळं स्केचपेन इतकं दाबून की शाई मागे उतरली. मुलांसोबत असं जग रचण्याइतका आनंद मला क्वचितच कशात मिळतो.

गाव बदलल्यावर आधीचं कुणाला आठवतं, यावर बराच वाद झाला. तिच्या मते फक्त आज्यांना. नियम पक्का केला. पुढच्या रविवारी राजधानी काढायची आहे.