मिरजेतील रुग्णालयांच्या नोंदी आणि आमची वाटचाल

आमची संस्था १९९६ साली मिरजेत सुरू झाली आणि आजही ती मिरजेतच आहे. संगणकाचा व्यवसाय करायचा तर पुणे गाठावे, असा सल्ला त्या काळी सगळ्यांनीच दिला होता; परंतु आम्हाला रुग्णालयांच्या नोंदींसाठी संगणकप्रणाली तयार करायच्या होत्या आणि त्यासाठी मिरजेइतके सोयीचे गाव दुसरे नव्हते. डॉ. विल्यम वान्लेस यांनी १८९४ साली येथे मिशनचे रुग्णालय उभारले, तेव्हापासून दक्षिण महाराष्ट्रातले आणि उत्तर कर्नाटकातले रुग्ण उपचारासाठी या गावाची वाट धरत आले आहेत. बाहेरच्या लोकांना मिरज तंतुवाद्यांमुळे ठाऊक असते, पण स्थानकाबाहेर उभे राहून रिक्षावाल्यांना विचारले, तर त्यांची निम्मी भाडी दवाखान्यांचीच असल्याचे ते सांगतात.

मी इलेक्ट्रॉनिक्सचा पदविकाधारक आणि माझे भागीदार वाणिज्य शाखेचे, त्यामुळे पहिले काम बिलांचे मिळाले, हे ओघानेच आले. फॉक्सप्रो या संगणकीय साधनात लिहिलेला तो प्रोग्राम रुग्णाची भरती, खोलीचे भाडे, औषधे आणि शस्त्रक्रियेचा खर्च यांची बेरीज करून डॉट मॅट्रिक्स प्रिंटरवर बिल छापत असे. डॉक्टरांना संगणकाचे आकर्षण होते म्हणून ही मागणी आली, असे म्हणणे अपुरे ठरेल. नोव्हेंबर १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मोबदला घेऊन दिलेली वैद्यकीय सेवा ग्राहक संरक्षण कायद्याच्या कक्षेत येते, असा निर्णय दिला होता आणि त्यानंतर केसपेपर, संमतिपत्र, डिस्चार्ज कार्ड या कागदांकडे पाहण्याची दृष्टी बदलली. पुढे २००२ च्या वैद्यकीय आचारसंहितेने आंतररुग्णांच्या नोंदी तीन वर्षे जपण्याचे आणि रुग्णाने मागितल्यास त्या ७२ तासांत देण्याचे बंधन घातले. नोंदी संगणकावर आणण्याचा प्रयत्न करावा, असेही त्याच नियमावलीत म्हटले आहे. ज्या दवाखान्यांत जुने केसपेपर माळ्यावर गाठोड्यात बांधून ठेवलेले होते, तेथे ७२ तास ही मुदत फारच थोडी होती.

तरीही आमच्या कामाला खरी दिशा मिळाली ती पॅथॉलॉजी प्रयोगशाळेत. पुढे वाचनात आले की हे इतरत्रही असेच घडले होते. बॉस्टनच्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलमध्ये डॉ. ऑक्टो बार्नेट यांच्या प्रयोगशाळेत १९६६-६७ च्या सुमारास नील पापालार्डो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मम्प्स ही संगणकभाषा तयार केली, तेव्हा तिच्यावर उभ्या राहिलेल्या सुरुवातीच्या कामांत प्रयोगशाळेचे अहवाल होते. याचे कारण सरळ आहे. डॉक्टरांचे निदान सैल वाक्यांत लिहिलेले असते, रक्ततपासणीचा निकाल मात्र आकड्यात येतो, आणि आकडा संगणकाला लगेच हाताळता येतो.

त्या वेळी प्रयोगशाळांत रक्तपेशी मोजणारी सेल काउंटर यंत्रे येऊ लागली होती. यंत्र नमुना ओढून घेई, थोड्या वेळात पडद्यावर हिमोग्लोबिन, पांढऱ्या पेशी, प्लेटलेट असे बरेच आकडे दाखवी आणि मग तंत्रज्ञ ते सगळे वहीत उतरवून घेई. वहीतून ते टंकलेखकाकडे जात आणि तेथून अहवालावर येत. एकच आकडा माणसाच्या हातून दोनदा उतरवला जात असल्यामुळे १३.१ चे ११.३ होण्याची शक्यता प्रत्येक पायरीवर होती. यंत्राच्या मागच्या बाजूला मात्र एक सीरियल पोर्ट, म्हणजे संगणकाची केबल जोडण्याची जागा, असे आणि बहुतेक प्रयोगशाळांत तो धूळ खात पडलेला असे. त्या पोर्टला केबल जोडून आकडे थेट संगणकात घेणे, हे आमचे पहिले स्वतंत्र उत्पादन.

हे काम कसे चालते, ते थोडे विस्ताराने सांगतो. यंत्र आणि संगणक यांच्यातील संभाषणासाठी मुळात एएसटीएम या अमेरिकी संस्थेने ठरवलेली मानके, म्हणजे सर्वांसाठीचे समान नियम, आहेत. यंत्र आधी एक संकेत पाठवून ‘बोलू का?’ असे विचारते आणि संगणकाने होकार दिला की माहिती छोट्या छोट्या चौकटींत पाठवते. चौकटीतील सर्व अक्षरांच्या संकेतांकांची बेरीज करून तिला २५६ ने भागल्यावर जी बाकी उरते, ती चौकटीच्या शेवटी जोडलेली असते. संगणक तीच बेरीज स्वतः करून पाहतो. बाकी जुळली नाही तर तो नकार कळवतो आणि यंत्र तीच चौकट पुन्हा पाठवते. केबल क्ष-किरण यंत्राच्या जवळून गेली असेल किंवा अर्थिंग कच्चे असेल तर असे नकार वाढतात, त्यामुळे आमच्या सुरुवातीच्या वर्षांतला बराच वेळ प्रोग्रामिंगपेक्षा इलेक्ट्रिशियनसोबत गेला. शिवाय मानक लिहिलेले असले तरी प्रत्येक यंत्रनिर्माता त्यात आपली मोडतोड करतो, आणि ती मोडतोड कळण्यासाठी यंत्राचे तांत्रिक पुस्तक मिळवावे लागते. विक्रेते ते सहज देत नसत. यंत्र विकत घेणाऱ्या डॉक्टरांनी खरेदीच्या वेळीच ते पुस्तक लेखी मागून घ्यावे, असे आम्ही तेव्हापासून सांगत आलो आहोत.

आकडा संगणकात आला की काम संपले, असे आम्हाला वाटत होते. तेथूनच पुढचा प्रश्न सुरू झाला. यंत्र प्लेटलेटचा आकडा १५० असा देते, कारण ते एका मायक्रोलिटरमागे हजारांत मोजते. आपल्याकडचे डॉक्टर मात्र ‘दीड लाख’ म्हणतात, आणि डेंग्यूच्या दिवसांत तर रुग्णाचे नातेवाईकसुद्धा लाखांतच बोलतात. आखाती देशांतून किंवा इंग्लंडहून आलेल्या रुग्णाच्या कागदावर रक्तशर्करा ७ लिहिलेली असते आणि येथील कागदावर १२६. दोन्ही एकच आहेत, कारण एकात मिलिमोल प्रति लिटर आणि दुसऱ्यात मिलिग्रॅम प्रति डेसिलिटर हे एकक आहे. एककावाचून आकडा निरर्थक असतो आणि कोणती तपासणी कोणत्या पद्धतीने केली हे कळल्यावाचून एककही अपुरे असते. अमेरिकेतील रेगेनस्ट्रिफ संस्थेने १९९४ पासून विकसित केलेली लॉइंक ही संकेतावली याच अडचणीवर उपाय आहे. तिच्यात रक्तातील हिमोग्लोबिनला ७१८-७ आणि यंत्राने मोजलेल्या प्लेटलेटला ७७७-३ असा कायमचा संकेत आहे. आम्ही आमच्या तपासण्यांच्या यादीत हे संकेत भरू लागलो, तेव्हा एकाही ग्राहकाने ते मागितलेले नव्हते आणि त्याचे पैसेही कोणी दिले नाहीत. परंतु जी नोंद फक्त आमच्याच संगणकावर वाचता येते ती नोंद अर्धीच आहे, हे मत तेव्हा पक्के झाले आणि पुढचे बहुतेक निर्णय त्यावरूनच घेतले गेले.

दुसरा प्रश्न रुग्णाच्या ओळखीचा होता आणि माझ्या मते आमच्या व्यवसायातला तोच सर्वांत अवघड प्रश्न आहे. बाळंतपणासाठी माहेरी आलेली मुलगी एकदा माहेरच्या नावाने आणि पुढच्या वेळी सासरच्या नावाने नोंद करते. कर्नाटकातील अथणी-रायबागकडच्या रुग्णांच्या नावात आद्याक्षर आधी येते, आडनाव कधी असते आणि कधी नसते. वय ‘साठ-पासष्ट असेल’ असे सांगितले जाते आणि मोबाइल क्रमांक संपूर्ण घराचा एकच असतो. त्यात इंग्रजी अक्षरांतून नाव लिहिले की वाघ हे डब्ल्यूने सुरू करायचे की व्हीने, हे स्वागतकक्षातल्या व्यक्तीवर अवलंबून राहते. सारखे उच्चार ओळखण्यासाठी जगभर वापरली जाणारी साउंडेक्स ही पद्धत आम्ही लावून पाहिली. ती पहिले अक्षर आहे तसे ठेवते, त्यामुळे दोन्ही प्रकारे लिहिलेले वाघ तिला वेगळे वाटतात. स्वर मात्र ती वगळते, त्यामुळे पाटील आणि पटेल यांना ती एकच समजते. सांगली जिल्ह्यात पाटलांची संख्या किती आणि लाकडाच्या वखारी चालवणारे पटेलही किती, हे जाणणाऱ्याला यातली अडचण वेगळी सांगायला नको. शेवटी आम्ही मराठी आणि कन्नड नावांसाठी स्वतःचे नियम लिहिले आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे, दोन नोंदी एकाच व्यक्तीच्या आहेत की नाहीत, याचा निर्णय संगणकाकडे न ठेवता तो केवळ शंका दाखवील आणि जोडणी माणूसच करील, अशी रचना केली. चुकीने जोडलेल्या दोन रुग्णांचे रक्तगट एकाच पानावर येण्यापेक्षा एका रुग्णाच्या दोन फायली असलेल्या परवडतात.

कृष्णेच्या पुराने आम्हाला बॅकअपचे महत्त्व शिकवले, आणि ते पुस्तकातून शिकता आले नसते. २००५ च्या पुरात सांगलीतील तळमजल्यावरचे कितीतरी दवाखाने पाण्यात गेले. कागद तर गेलेच. पण संगणक आणि त्याच्याच शेजारच्या कपाटात ठेवलेल्या बॅकअपच्या सीडीही गेल्या. त्यानंतर आम्ही ग्राहकांना नोंदींची एक प्रत जिल्ह्याच्या पूर्व भागात, म्हणजे विटा किंवा जतला, ठेवण्याची व्यवस्था करून दिली. एकाच जिल्ह्यात कृष्णाकाठी बोटी आणि जतला टँकर, ही आमची जुनी विसंगती या निमित्ताने उपयोगी पडली. २०१९ च्या ऑगस्टमध्ये सांगलीच्या आयर्विन पुलापाशी ४५ फुटांची धोक्याची पातळी ओलांडून पाणी ५७ फुटांपर्यंत चढले, तेव्हा यंत्रे पुन्हा भिजली, परंतु आमच्या ग्राहकांच्या नोंदी शाबूत राहिल्या. आता प्रती दूरच्या सर्व्हरवर जातात आणि ते काम आपोआप होते; तरी दर तिमाहीत एक प्रत प्रत्यक्ष उघडून पाहण्याची पद्धत आम्ही सोडलेली नाही.

दरम्यान शासकीय योजना आल्या. राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना जुलै २०१२ मध्ये आठ जिल्ह्यांत आणि नोव्हेंबर २०१३ पासून राज्यभर सुरू झाली. २०१७ पासून ती महात्मा जोतिबा फुले यांच्या नावाने चालते. तिच्यात ९७१ उपचारांची संकेतांकित यादी होती आणि पूर्वपरवानगीपासून दाव्यापर्यंत सर्व कामकाज ऑनलाइन होते. रुग्णालयात आरोग्यमित्र, म्हणजे योजनेचे मदतनीस, बसू लागले आणि ज्या डॉक्टरांना आम्ही वर्षानुवर्षे निदान टंकित करण्याची विनंती करत होतो, ते आता निदानाचा संकेत स्वतः विचारू लागले. पैसे मिळण्याशी नोंदीचा संबंध जोडला गेला की नोंद नीट होते, हे मला फारसे सुखावह वाटत नाही, पण ते खरे आहे.

करोनाच्या काळाविषयी थोडेच लिहितो. २५ मार्च २०२० रोजी दूरवैद्यकाची, म्हणजे फोन-व्हिडिओवरून रुग्ण तपासण्याची, मार्गदर्शक तत्त्वे जाहीर झाली, अहवाल मोबाइलवर जाऊ लागले आणि त्यावर क्यूआर कोड छापण्याची मागणी एका आठवड्यात सगळीकडून आली. डी-डायमर आणि फेरिटिन या रक्ततपासण्यांचे नमुने इतके वाढले की ट्यूबवर बारकोड लावणे ही आधी ऐच्छिक वाटणारी गोष्ट अपरिहार्य झाली.

२७ सप्टेंबर २०२१ रोजी आयुष्मान भारत डिजिटल मिशन ही रुग्णांच्या नोंदी जोडणारी केंद्र सरकारची योजना देशभर सुरू झाली आणि आमचा लॉइंकचा जुना खटाटोप कामाला आला, कारण येथे एका ठिकाणची नोंद दुसरीकडे वाचता यावी लागते. या रचनेत रुग्णाला आभा हा १४ अंकी आरोग्य-ओळख क्रमांक मिळतो. नोंदी एका मध्यवर्ती कोठारात न जाता जेथे तयार झाल्या तेथेच राहतात. आणि दुसऱ्या डॉक्टरांना त्या पाहायच्या असतील तर कोणत्या नोंदी, कोणत्या कालावधीच्या आणि किती दिवसांसाठी, हे ठरवून रुग्ण संमती देतो. नोंदी पाठवायचा आराखडा ‘फायर’ (एफएचआयआर) या आंतरराष्ट्रीय मानकावर बेतलेला आहे आणि त्याची भारतीय रूपे पुण्याच्या सी-डॅक या सरकारी संगणक संशोधन संस्थेतील, आरोग्यनोंदींच्या मानकांसाठीच्या राष्ट्रीय केंद्राने तयार केली आहेत. चाचणीच्या सर्व पायऱ्या पूर्ण करून आम्ही या जाळ्यात जोडले गेलो. प्रत्यक्षात मात्र रुग्णाला संमतीचा संदेश येतो तो मोबाइल मुलाच्या खिशात असतो आणि मुलगा कामावर गेलेला असतो. त्यामुळे स्वागतकक्षात एखादी समजावून सांगणारी व्यक्ती नेमल्याशिवाय ही सोय वापरात येत नाही. आम्ही प्रशिक्षणाचा निम्मा वेळ आता डॉक्टरांऐवजी याच कर्मचाऱ्यांना देतो.

नोव्हेंबर २०२२ मध्ये दिल्लीच्या एम्सच्या सर्व्हरवर सायबर हल्ला झाला आणि तेथे बरेच दिवस कागदावर काम करावे लागले. त्यानंतर आमच्या छोट्या ग्राहकांनीही पासवर्डविषयी ऐकून घ्यायला सुरुवात केली. एकाच पासवर्डवर सगळा दवाखाना चालवण्याची सवय जुनी आहे. ती मोडण्यासाठी आम्ही प्रत्येक नोंदीखाली ती कोणी आणि कधी केली हे छापू लागलो, आणि आपले नाव दुसऱ्याच्या नोंदीखाली दिसू लागताच बहुतेकांनी स्वतःचे पासवर्ड मागून घेतले.

अलीकडे डॉक्टरांचे बोलणे ऐकून केसपेपर लिहिणाऱ्या प्रणालींची चौकशी बरीच होते. आमच्याकडील तपासणीत रुग्ण मराठीत, कन्नडमध्ये किंवा दोन्हींच्या मिश्रणात बोलतो आणि डॉक्टर औषधांची नावे इंग्रजीत सांगतात. आम्ही अशा प्रणाली तपासून पाहत आहोत, परंतु औषधाची मात्रा डॉक्टरांनी स्वतः वाचून मान्य केल्याशिवाय ती छापली जाऊ नये, ही अट त्यांत बसत नाही तोवर आम्ही त्या विकणार नाही.

नवीन करार करताना आमचे एक कलम आता ठरलेले आहे. ग्राहकाने आमची सेवा सोडण्याचे ठरवले, तर त्याच्या सर्व नोंदी संकेतांसह आणि एककांसह, खुल्या स्वरूपात, ३० दिवसांच्या आत आणि वेगळे शुल्क न घेता त्याच्या ताब्यात दिल्या जातील. माझ्या भागीदारांचा या कलमाला सुरुवातीला विरोध होता, कारण त्यांच्या मते आम्ही ग्राहकाला जाण्याची वाट स्वतःच दाखवत होतो. पण आता मोठी रुग्णालये निविदेत हीच अट आपणहून घालतात आणि त्या रकान्यापुढे ‘होय’ लिहिण्याचे काम भागीदारच करतात.