नादाची वाट: नाथांची पालखी आणि नकाशात नसलेले बेट

ज्येष्ठाच्या वद्य पक्षात पैठणहून निघालेल्या नाथांच्या पालखीसोबत मी चालत होतो, तेव्हा माझ्या मनात एका बेटाची रचना चालू होती. हे बेट कोणत्याही नकाशात नाही. एका दीर्घकथेसाठी मी ते उभे करत आहे. तिथे वर्षातले बरेच महिने दाट धुके असते, दिव्याचा उजेड किनाऱ्यापलीकडे पोहोचत नाही आणि होड्यांना केवळ आवाजाच्या आधाराने घरी यावे लागते. मराठवाड्यात वाढलेल्या मला समुद्राचा सराव नाही. पण आवाजाच्या मागोमाग चालणारी माणसे मी लहानपणापासून पाहिली आहेत, म्हणून त्या बेटाची विद्या वारीतच शोधायची असे ठरवले होते.

ती सापडली रायमोह्याहून पाटोद्याकडे जाताना, बालाघाटाच्या चढावर. ढग रस्त्यापर्यंत उतरले होते आणि दिंडी बरीच पुढे गेली होती. माझ्यासोबत दिंडीतले एक वयोवृद्ध वारकरी होते. त्यांना सगळे आबा म्हणत आणि त्यांना दोन्ही डोळ्यांनी अंधूकच दिसे. "आबा, दिंडी कुठवर गेली असंल?" असे मी विचारले, तेव्हा ते काठी टेकून उभे राहिले आणि म्हणाले, "निस्ता मृदंग येतोय, माउली. टाळ न्हाई. म्हंजी वळणाच्या पल्याड हाय." काही वेळाने टाळ कानी आला, आणि त्यानंतर कितीतरी पावलांनी "भानुदास एकनाथ" हा घोष अक्षरशः कळू लागला. "आता इण्यापाशी आलो म्हण," आबा म्हणाले, म्हणजे दिंडीत वीणा घेऊन चालणाऱ्याजवळ.

यामागचे कारण साधे आहे. उंच पट्टीचा नाद हवेत लवकर विरतो आणि खर्जातला लांबवर टिकतो. त्यामुळे एकाच दिंडीतली वाद्ये वेगवेगळ्या अंतरावर गळत जातात आणि काय ऐकू येते यावरून आपण किती दूर आहोत हे कळते. माझ्या बेटाच्या किनाऱ्यावर मी त्याच चढावर तीन गोष्टी मांडल्या: मोठा चामड्याचा ढोल, काशाच्या झांजा आणि समुद्रावर गेलेल्यांची नावे पुकारणारा माणूस. नुसता ढोल ऐकू आला तर नावाडी खोल पाण्यात आहे. झांज मिसळली की खडकांची रांग जवळ आली, तेव्हा वल्ही आवरायची. आणि स्वतःचे नाव स्पष्ट कळले की त्या दिशेने सरळ यायचे.

पण नुसत्या उपयोगाने एखादे साधन पूजेत येत नाही, त्याची निगा राखणारे हात लागतात. मुक्कामावर आमच्या मृदंगाचार्यांना मी जवळून पाहिले. पखवाजाच्या धुमेवरची, म्हणजे खर्जाच्या डाव्या तोंडावरची, वाळलेली कणीक त्यांनी नखाने खरवडली, ताजी मळून मधोमध थापली, एक थाप मारली, चिमूटभर काढली, पुन्हा थाप मारली. हवेतल्या ओलाव्याने चामडे सैल पडले होते आणि मनासारखी धूम लागेपर्यंत ते जेवायला उठले नाहीत. बेटावर गहू नाही. तिथे शिजलेल्या भातात राख कालवून तो लगदा ढोलाला लावतील, आणि तो लावण्याआधी कोणी घास घेणार नाही.

विण्याचा नियम याहून कडक आहे. आमच्या गावोगावच्या अखंड हरिनाम सप्ताहात विण्याचा पहारा असतो: वीणा जमिनीवर ठेवायचा नाही, एकाच्या गळ्यातून काढून दुसऱ्याच्या गळ्यात द्यायचा आणि देणाऱ्याघेणाऱ्याने एकमेकांच्या पाया पडायचे. मध्यरात्रीचा पहारा करून पहाटे शेतावर जाणारी माणसे मी पाहिली आहेत. त्यांच्याइतका जागा समाज मला बेटासाठी हवा आहे. तिथे एकही होडी बाहेर असेल तोवर नावांचा पुकारा थांबत नाही आणि प्रत्येक घराला त्याचा पहारा येतो.

मग हा नाद थांबवायचा कोणी? याचे उत्तर मला आळंदीहून निघणाऱ्या ज्ञानेश्वर माउलींच्या पालखी सोहळ्यात मिळाले. १८३२ च्या सुमारास हैबतबाबा आरफळकरांनी त्याला शिस्त घालून दिली असे मानतात. तिथे संध्याकाळच्या समाज आरतीला सगळ्या दिंड्या गोळा होतात, चोपदार दंड उंचावतात आणि हजारो टाळ एकदम थांबतात. मात्र ज्या दिंडीची काही तक्रार असेल ती टाळ वाजवतच राहते. चोपदार तिथे जाऊन गाऱ्हाणे ऐकतात आणि त्यानंतरच पुढचे चालते. एवढ्या मोठ्या समुदायात लहानात लहान दिंडीलाही सगळ्यांना थांबवता येते, ही मला वारीच्या व्यवस्थेतली सर्वांत थोर गोष्ट वाटते.

कुर्डूच्या पुढे सपाट रस्ता लागला तेव्हा बेटाचा शेवटचा नियम मी वहीत उतरवला. हंगाम संपल्यावर किनाऱ्यावरचा वडीलधारा माणूस हात वर करतो आणि सगळी वाद्ये थांबतात. पण ज्या घरची होडी परतलेली नाही त्या घरच्यांनी झांज वाजवत राहायची, आणि ते स्वतःहून थांबत नाहीत तोवर कोणी सणाचे जेवण वाढायचे नाही.