पावसचे स्वामी आणि सोऽहं साधना: बसल्यावर नेमकं काय चुकतं

स्वामी स्वरूपानंद (१९०३–१९७४) मूळचे रत्नागिरीजवळच्या पावस गावचेच, रामचंद्र विष्णु गोडबोले. तरुणपणी स्वातंत्र्यचळवळीत उतरले, येरवड्याला तुरुंगवास भोगला. पुण्याच्या बाबामहाराज वैद्यांकडून, म्हणजे गणेशनाथांकडून, त्यांना नाथपरंपरेतला सोऽहंचा, म्हणजे ‘तो मीच’ या मंत्राचा, अनुग्रह मिळाला होता. १९३४ च्या मोठ्या आजारानंतर ते पावसला देसाईंच्या ‘अनंत निवासा’त राहिले ते देह ठेवीपर्यंत, जवळजवळ चाळीस वर्षं. दौरे नाहीत, सभा नाहीत. ज्ञानेश्वरीच्या नऊ हजार ओव्या त्यांनी अभंगरूपात आणल्या आणि साधकांना पत्रांतून वाट दाखवली. दर्शनाला येणाऱ्यांशी बोलणं मोजकंच. म्हणून पावसला जाऊन फक्त नमस्कार करून परतणं मला अपुरं वाटतं. स्वामींनी दिलं ते बसून करायचं आहे.

करायचं इतकंच: श्वास आत येताना मनात ‘सो’, बाहेर जाताना ‘हं’. ओठ, जीभ हलवायची नाही, माळ नको. पाठ सरळ, खांदे सैल, पोट रिकामं. सुरुवातीला पहाटे दहा-पंधरा मिनिटं पुरे, पण रोज, त्याच जागी. दिवसाचे २१,६०० श्वास हा परंपरेतला हिशेब मिनिटाला पंधरा श्वासांचा आहे. तेवढ्यांवर लक्ष ठेवायचं असा त्याचा अर्थ नाही. जप आपोआप चालूच आहे, तो ऐकायचा, एवढंच त्यातून सांगितलंय.

बहुतेकांचं चुकतं ते इथे. शब्द पुढे धावतो आणि श्वास त्याच्यामागे ओढला जातो. मग श्वास मोठा होतो, डोकं हलकं होतं, बोटांना मुंग्या येतात. हे ध्यान लागल्याचं लक्षण मुळीच नाही. गरजेपेक्षा जास्त श्वास घेतल्याने रक्तातला कार्बन डायऑक्साइड कमी होतो, त्याचा हा परिणाम. अशा वेळी शब्द सोडून द्यावा, चार-सहा श्वास नुसते जाऊ द्यावेत आणि श्वास सुरू झाल्यावरच शब्द त्यावर ठेवावा. कुंभक करू नये, श्वास रोखणं या साधनेत नाही. झोप येत असेल तर डोळे अर्धे उघडावेत, उशीला किंवा भिंतीला टेकणं सोडावं. मन भरकटलं की चिडून पहिल्यापासून सुरू करायची गरज नाही, पुढचा श्वास घ्यावा. प्रकाश दिसला, नाद ऐकू आला, तरी त्यात अडकू नये.

रत्नागिरीहून पावस भाट्याच्या पुलावरून, गोळपमार्गे साधारण वीस किलोमीटर आहे. जयंती मार्गशीर्ष वद्य द्वादशीला, पुण्यतिथी श्रावण वद्य द्वादशीला. त्या दिवसांत सोहळा मोठा असतो, पण समाधिमंदिरात शांत बसायला जागा हवी असेल तर एरवीचा दिवस निवडा. शक्यतो सकाळी लवकर जा, आधी बसा आणि मग दुपारचा खिचडीचा प्रसाद घ्या.