जकार्ता: कोंबड्यांची साक्ष आणि एक खोटा कबुलीजबाब

उष्ण कटिबंधातल्या राजधान्यांमध्ये घडणाऱ्या रहस्यकथा मी आवडीने वाचते, परंतु त्यांतल्या बहुतेकांविषयी माझी एक तक्रार आहे. तिथला दमट उकाडा, कोसळणारा पाऊस आणि छताला गरगरणारा पंखा हे सारे केवळ नेपथ्य म्हणून येते; खून कोणत्याही थंड शहरात झाला असता तरी कथेचे काही बिघडले नसते. जकार्ताला जाण्याचे ठरवले ते या शहराच्या वैद्यकीय इतिहासामुळे, कारण त्या इतिहासात हवा, पाणी आणि तांदूळ हेच पुरावे आहेत आणि त्यातली किमान एक घटना तर शब्दशः खुनाची आहे.

सुरुवात जुन्या शहरातून, म्हणजे कोता तुआमधून केली. डच ईस्ट इंडिया कंपनीने १६१९ मध्ये वसवलेल्या बटाविया या शहराची नगरकचेरी १७१० मध्ये पूर्ण झाली. आज तिथे जकार्ताच्या इतिहासाचे संग्रहालय आहे. त्या भव्य इमारतीच्या तळाशी कैद्यांच्या कोठड्या आहेत, इतक्या ठेंगण्या की आत माणसाला ताठ उभे राहता येत नाही. तिथून उत्तरेकडे, कालव्याच्या कडेने समुद्राच्या दिशेने चालत गेले की बंदराचा जुना परिसर लागतो. ऑक्टोबर १७७० मध्ये कॅप्टन कूकचे जहाज दुरुस्तीसाठी इथे आले, तेव्हा इतक्या लांबच्या प्रवासानंतरही त्यावरची माणसे बऱ्यापैकी धडधाकट होती. डिसेंबरच्या अखेरीस ते निघाले तोवर जहाजाचा शल्यवैद्य आणि तुपाइया हा ताहितीचा जाणता दर्यावर्दी यांच्यासह सात जण दगावले होते, आणि पुढे केप टाउनपर्यंतच्या वाटेवर आणखी वीसहून अधिक माणसे गेली. त्या काळचे लोक कालव्यांच्या दुर्गंधीला दोष देत. डच इतिहासकार फान डर ब्रुख यांनी मात्र मृत्यूंच्या नोंदी तपासून दाखवले की १७३३ च्या सुमारास मृत्यू एकाएकी वाढले, आणि त्याच सुमारास किनाऱ्यालगत माशांसाठी मचूळ पाण्याची तळी खोदली गेली होती. मलेरिया पसरवणाऱ्या एका किनारी डासाला असेच पाणी लागते. संशयित म्हणून सर्वांनी कालव्याकडे बोट दाखवावे आणि खरा अपराधी जेवणासाठी मासे पुरवणाऱ्या तळ्यात निघावा, ही मांडणी कोणत्याही रहस्यकथाकाराला हेवा वाटावा अशी आहे.

दुसऱ्या तपासासाठी शहराच्या मध्यभागी, सेनेन भागात यावे लागते. इथले मोठे लष्करी रुग्णालय आजही चालू आहे आणि ते पाहण्याची जागा नव्हे. मी ते रस्त्यावरूनच पाहिले. वसाहतीच्या काळात याच रुग्णालयात बेरीबेरीच्या संशोधनासाठी प्रयोगशाळा उभी राहिली आणि १८८८ मध्ये ख्रिस्तियान आइकमान तिचे प्रमुख झाले. पायांतले बळ जाणे, सूज येणे आणि शेवटी हृदय बंद पडणे अशा या रोगाने सैनिक आणि कैदी मरत होते, आणि तो एखाद्या जंतूमुळे होत असावा अशी सर्वांची खात्री होती. मग प्रयोगासाठी पाळलेल्या कोंबड्याच लंगडू लागल्या. १० जुलैला पहिल्या कोंबड्या आजारी पडल्या आणि नोव्हेंबरच्या शेवटी, कोणताही उपचार न करता, त्या बऱ्या होऊ लागल्या. चौकशीअंती कळले की प्रयोगशाळेचा माणूस १७ जूनपासून २७ नोव्हेंबरपर्यंत त्यांना रुग्णालयाच्या स्वयंपाकघरातला शिजवलेला पांढरा भात घालत होता. त्यानंतर नवा आचारी आला आणि लष्करी तांदूळ नागरी कोंबड्यांना द्यायला त्याने नकार दिला. हा तपशील आइकमान यांनी स्वतःच नोंदवून ठेवला आहे. एका आचाऱ्याच्या नियमनिष्ठेने वैद्यकशास्त्राची दिशा बदलली, आणि त्याचे नावही कोणी लिहून ठेवले नाही याची मला खंत वाटते.

पुढचे काम आडोल्फ फोर्डरमान या जावातील वैद्यकीय निरीक्षकाने केले. कोणत्या तुरुंगात कोणता तांदूळ शिजतो हे त्या त्या प्रदेशाच्या रीतीवर ठरत असे, त्यामुळे तुलना आयतीच उपलब्ध होती. त्याने १०१ तुरुंगांची माहिती गोळा केली. इमारतीचे वय, हवा येण्याजाण्याची सोय, कैद्यांची दाटी या साऱ्यांचा विचार करून पाहिला, आणि तरीही फरक एकाच गोष्टीत सापडला. पॉलिश केलेला तांदूळ खाणाऱ्या कैद्यांमध्ये दर ३९ जणांत एकाला बेरीबेरी होत होता, तर कोंडा असलेला तांदूळ खाणाऱ्यांमध्ये दर १०,००० जणांत एकाला. या तपासातली सर्वांत विलक्षण गोष्ट अशी की आइकमान यांनाही अपराधी नीट ओळखता आला नाही. त्यांच्या मते पांढऱ्या तांदळाच्या पिठूळ भागात विष होते आणि कोंड्यात त्याचा उतारा. त्यांचे उत्तराधिकारी गेरिट ग्राइन्स यांनी १९०१ मध्ये सांगितले की विष असे काही नाहीच. शरीराला आवश्यक असलेले काहीतरी या तांदळात नाही. ते ‘काहीतरी’ म्हणजे आपले ब १ जीवनसत्त्व, जे १९२६ मध्ये बटावियातच यान्सेन आणि डोनाट यांनी स्फटिकरूपात वेगळे केले. १९२९ चे नोबेल पारितोषिक आइकमान यांना हॉपकिन्स यांच्यासह मिळाले. ग्राइन्स यांना मिळाले नाही, आणि तो अन्यायच होता असे माझे मत आहे.

लष्करी रुग्णालयापासून जवळच स्टोव्हिया या जुन्या वैद्यकीय विद्यालयाची इमारत आहे, जिथे आता राष्ट्रीय जागृतीचे संग्रहालय आहे. मोकळ्या चौकाभोवती लांब पडव्या, उंच छपरे, वर्ग आणि विद्यार्थ्यांच्या राहण्याच्या खोल्या अशी तिची रचना आहे. २० मे १९०८ रोजी इथल्या विद्यार्थ्यांनी बुदी उतोमो ही संघटना स्थापन केली, म्हणून इंडोनेशियात तो दिवस राष्ट्रीय जागृतीचा मानला जातो. मी मात्र तिथे रेंगाळले ते १९१६ मध्ये याच विद्यालयातून डॉक्टर झालेल्या एका विद्यार्थ्यासाठी. पश्चिम सुमात्रातील अहमद मोख्तार पुढे ॲमस्टरडॅमला गेले आणि १९२७ मध्ये त्यांनी लेप्टोस्पायरा या जिवाणूंवर डॉक्टरेट मिळवली. पीतज्वर एका विशिष्ट लेप्टोस्पायरामुळे होतो असा दावा हिदेयो नोगुची या विख्यात जपानी शास्त्रज्ञाने केला होता; तो खोडून काढणाऱ्यांमध्ये मोख्तार होते. पीतज्वराच्या आरोपातून एका जिवाणूला निर्दोष सोडवणाऱ्या या माणसावर पुढे जे आले, ते लिहिताना माझा हात जड होतो.

दिपोनेगोरो मार्गावरील आइकमान संस्थेचे मोख्तार हे पहिले इंडोनेशियन संचालक. जपानी ताब्याच्या काळात, ऑगस्ट १९४४ मध्ये, शहराच्या पूर्वेकडील क्लेंदेर येथील छावणीत ठेवलेल्या रोमुशांना, म्हणजे जपान्यांनी वेठीला धरलेल्या मजुरांना, विषमज्वर, पटकी आणि आमांश यांवरची एकत्रित लस टोचण्यात आली. काही दिवसांतच त्यांचे जबडे आवळले, पाठी धनुष्यासारख्या ताणल्या गेल्या आणि शेकड्यांनी माणसे मेली. हा आकडा ९०० पर्यंत सांगितला जातो. स्थानिक डॉक्टरांनी धनुर्वात ओळखला. लस बांडुंगच्या पाश्चर संस्थेत तयार झाली होती आणि ती संस्था जपानी लष्कराच्या हाती होती. तरीही केंपेइताई या लष्करी पोलिसांनी ऑक्टोबरमध्ये मोख्तार आणि त्यांच्या सहकाऱ्यांना पकडले. जपानची बदनामी करण्यासाठी त्यांनीच लशीत विष कालवले, असा आरोप होता. महिनोन्‌महिने छळ झाला आणि कोठडीत काहींचा अंत झाला. शेवटी मोख्तार यांनी कबुलीजबाब दिला, सहकारी सुटले, आणि ३ जुलै १९४५ रोजी आंचोलच्या किनाऱ्यावर त्यांचा शिरच्छेद करण्यात आला. सहकाऱ्यांची सुटका हीच त्या कबुलीची किंमत होती, असे या प्रकरणाचा अभ्यास करणारे मानतात.

रहस्यकथेत कबुलीजबाब आला की प्रकरण मिटते. इथे तो सर्वांत कच्चा पुरावा आहे, कारण तो विज्ञानाशी जुळत नाही. केविन बेअर्ड आणि संगकोट मारझुकी या दोन शास्त्रज्ञांनी हे प्रकरण पुन्हा उघडले. त्यांचा निष्कर्ष असा की जपानी लष्कराचे वैद्यक पथक धनुर्वाताच्या लसीची चाचणी रोमुशांवर करत होते आणि ती फसल्यावर दोष टाकायला कोणीतरी हवे होते. धनुर्वाताची लस म्हणजे फॉर्मलिनने निष्प्रभ केलेले विष. ते पुरते निष्प्रभ झाले नाही, तर टोचली जाते ती लस नव्हे, मृत्यू. जपानी नौदलाच्या डॉक्टरांनी सुराबायात कैद्यांवर असाच प्रयोग केला होता आणि त्यासाठी युद्धानंतर ऑस्ट्रेलियन न्यायालयाने त्यांना शिक्षा दिली. क्लेंदेरसाठी कोणालाही झाली नाही. उपलब्ध पुरावे मांडून पाहिले की मला हाच निष्कर्ष पटतो.

आंचोल आज करमणुकीच्या बागांसाठी प्रसिद्ध आहे. त्या गर्दीतून पुढे गेल्यावर, समुद्राच्या अगदी कडेला, डच युद्धस्मशान लागते. जमीन समुद्रपातळीखाली गेल्यामुळे बांध घालून पाणी अडवले आहे. पांढऱ्या खुणांच्या सरळ रांगा आहेत आणि ज्या झाडाखाली माणसांना ठार केले जाई त्याचे वाळलेले खोड जपून ठेवले आहे. मोख्तार यांची सामूहिक कबर इथेच आहे हे २०१० मध्ये निश्चित झाले. त्यांच्या नावाचे रुग्णालय सुमात्रातील बुकित्तिंगी येथे आहे, म्हणजे देशाने त्यांना अगदीच विसरले असे म्हणता येणार नाही.

मात्र क्लेंदेरमध्ये मेलेल्या मजुरांची नावे मला कोणत्याही भिंतीवर वाचायला मिळाली नाहीत. बटावियाचे खलाशी, फोर्डरमानचे कैदी आणि हे रोमुशा यांच्याच शरीरांवरून या शहरातले सारे तपास लागले, आणि नोंदीत ते प्रामुख्याने आकडा म्हणून राहिले. या प्रकरणावर कोणी कादंबरी लिहिणार असेल, तर माझी मनापासून इच्छा आहे की तिचे पहिले प्रकरण आंचोलच्या तलवारीपाशी किंवा संस्थेच्या प्रयोगशाळेत सुरू होऊ नये. ते क्लेंदेरच्या छावणीत सुरू व्हावे: गावाहून पकडून आणलेला एक मजूर दंड उघडा करून रांगेत उभा आहे, ही सुई आपल्याला पटकीपासून वाचवणार आहे असे त्याला सांगण्यात आले आहे, आणि लेखकाने त्याला नाव दिले आहे.