सॉसेजचं सूप, अख्खा मसूर आणि कडक भाकरी

मुलगा श्टुटगार्टला शिकायला गेल्यापासून रात्री नऊला त्याचा व्हिडिओ कॉल येतो आणि माझा पहिला प्रश्न ठरलेला असतो, "जेवलास का रे?" हिवाळ्यात आपल्याकडे नऊ वाजतात तेव्हा तिकडे दुपारचे साडेचारच झालेले असतात, तरी खिडकीबाहेर अंधारून आलेलं दिसतं. डिसेंबरात एकदा त्याने उत्तर देण्याऐवजी वाडगाच कॅमेऱ्यासमोर धरला. तपकिरी मसूर, गाजर-बटाट्याच्या फोडी आणि वर दोन बारीक, लांब सॉसेज. "आई, हे इथलं खास जेवण आहे. अख्खा मसूरच समज."

तो राहतो त्या श्वाबेन भागात मसूर, सॉसेज आणि श्पेट्झल म्हणून अंड्याच्या ताज्या शेवया एकत्र वाढतात. घरोघरी त्याचंच पातळ, भरपूर भाज्या घातलेलं सूपही करतात. अशा एकाच भांड्यात शिजवलेल्या जेवणाला जर्मनीत आइनटॉप्फ म्हणतात, म्हणजे शब्दशः 'एक भांडं'. हे सगळं ऐकताना माझ्या मनात एकच होतं. मुलगा संध्याकाळी एकटा बसून जे खातो, त्याची चव मला कळायला हवी. फोटोत चव दिसत नाही.

दुसऱ्या दिवशी लक्ष्मी मंडईत गेले. तिकडे सूपासाठी भाज्यांची जुडी तयारच मिळते म्हणे: गाजर, लीक, सेलेरीचा कंद, थोडी पार्सली. आपल्याकडे गाजर मिळालं, बाकीच्यासाठी पातीचा कांदा आणि कोथिंबिरीचे जाड देठ घेतले. देठ मी एरवीही टाकत नाही, रश्शाला त्यांचा वास चांगला लागतो. सॉसेज फ्रोजनवाल्या दुकानात मिळाले, चिकनचे, पाव किलोचं पाकीट. पाकिटावर आधीच शिजवलेले आहेत असं लिहिलं होतं. हे वाचणं फार महत्त्वाचं. कच्चे असतील तर आतपर्यंत पूर्ण शिजवावेच लागतात, नुसते गरम करून चालत नाही.

पहिल्यांदा केलं ते फसलं. मी सगळं एकदम पातेल्यात घातलं: मसूर, भाज्या, टोमॅटो, सॉसेजचे तुकडे, मीठ, बोअरचं पाणी. तासभर उकळलं. सॉसेज फुटून चिवट झाले, बटाटे विरघळले आणि मसूर मात्र दाताखाली टचटच लागत होता. मीठ तर इतकं झालं की दोन घास खाऊन मी पातेलं बाजूला ठेवलं. सॉसेजमध्ये मुळातच भरपूर मीठ असतं, ते पाण्यात उतरतं, हे माझ्या ध्यानातच आलं नव्हतं.

सासूबाई ओट्यापाशी आल्या, चमच्याने एक मसूर उचलून बोटांनी दाबून बघितला. "अगं, टोमॅटो आधी घातलास होय? चिंच आधी घातल्यावर तूर शिजते का कधी?"

"नाही शिजत, अत्या."

"मग? आणि हे बोअरचं पाणी. याच्यात डाळ शिजायला सकाळची दुपार होती. पुढच्या वेळी मटणाचा रस्सा करतीस तसं कर बघ. आधी परतायचं."

त्यांचं म्हणणं तंतोतंत खरं होतं. डाळीच्या दाण्याला घट्ट धरून ठेवणारं पेक्टिन आंबटात सैल होत नाही, आणि जड पाण्यातला कॅल्शियम त्याला आणखी आवळतो. आमच्याकडे नळाला पाणी रोज येत नाही, त्यामुळे स्वयंपाकात बोअरचं पाणी सहज शिरतं. या सूपाला ते नको, हे आता पक्कं झालं.

रविवारी पुन्हा मांडलं. एक वाटी अख्खा मसूर तासभर फिल्टरच्या पाण्यात भिजवला. जाड बुडाच्या पातेल्यात दोन चमचे तेल घेऊन सॉसेज अख्खेच मंद आचेवर फिरवत राहिले. सगळ्या बाजूंनी तांबूस झाले की काढून ताटलीत ठेवले. बुडाला तपकिरी थर धरला होता. त्यावरच दोन बारीक चिरलेले कांदे घातले. इथे मी अजिबात घाई केली नाही. चांगली पंधरा मिनिटं परतले, कांदा मऊ होऊन तपकिरी होईपर्यंत. मग गाजर, देठ, चार लसूण पाकळ्या, एक तमालपत्र. अर्धी वाटी गरम पाणी ओतून उलथन्याने बूड खरवडलं, तसा तो सगळा थर सुटून पाण्याला रंग आला आणि घरभर वास सुटला. तो वास मटणाच्या घरातला होता, फक्त मसाला नव्हता त्यात. काळा तिखट मसाला घालायला हात शिवशिवत होता, पण मला मुलाच्या वाडग्यातलीच चव हवी होती. नुसती मिरपूड घातली.

मसूर निथळून घातला, दीड लिटर गरम पाणी, वर झाकण अर्धवट. कुकर मुद्दाम घेतला नाही, त्यात मसुराचं वरण होतं आणि इथे दाणा अख्खा राहायला हवा. वीस मिनिटांनी बटाट्याच्या फोडी, त्या मऊ होत आल्यावर पातीचा कांदा. तिकडे दाटपणासाठी लोण्यात मैदा तांबूस भाजून लावतात. मी चमचाभर कणीक तुपात भाजून लावली, चालली. टोमॅटो वगळलाच. मसूर बोटाने दबला तेव्हा मीठ चाखून अगदी थोडं घातलं आणि गॅस बंद करायच्या आधी सॉसेजचे जाड काप आत सोडले. ते फक्त गरम व्हायचे असतात, उकळले की फुटतात. शेवटी दोन चमचे व्हिनेगर. श्वाबेनमध्ये मसुरावर व्हिनेगर हवंच. पहिल्या घासाला त्याचं कारण कळलं: मसुराचा जडपणा एकदम हलका होतो.

श्पेट्झल कुठून आणणार? डब्यात कडक भाकरी होती. पापडासारखी पातळ, मालदांडी ज्वारीची. सासूबाईंनी स्वतःच्या वाडग्यात ती चुरली, वरून थोडी शेंगाची चटणी भुरभुरली आणि काही न बोलता खाऊ लागल्या. अर्धी भाकरी भिजून मऊ, अर्धी कुरकुरीत. वाडगा पुढे करून म्हणाल्या, "अजून घाल की गं. सॉसेज दोनच दे, मसूर जास्त."

उरलेलं सूप दुसऱ्या दिवशी घट्ट झालं होतं, गरम पाणी घालून मंद आचेवर सारखं केलं. रात्री कॉल आला तेव्हा यावेळी मी वाडगा कॅमेऱ्यासमोर धरला. मुलगा स्क्रीनजवळ येऊन निरखत राहिला.

"आई, हे वर काय आहे?"

"कडक भाकरी."

"पार्सलमध्ये मोडणार नाही ना गं?"

मोडली तरी चुरूनच खायची आहे, असं सांगितलं त्याला. पंचवीस भाकऱ्यांची ऑर्डर दिली आहे.