तुम्ही विचारलंत म्हणून: काल्पनिक भाषेतली माणसं वेळ कशी सांगतील?

कादंबरीसाठी नवी भाषा रचायला बसलेले बहुतेक जण हेच विचारतात: "आमच्या कल्पित लोकांच्या भाषेत भूत, वर्तमान, भविष्य कसं बसवायचं?" माझं म्हणणं असं, की काळांचा तक्ता नंतर करा. ती माणसं कशाची वाट बघतात, ते आधी ठरवा.

मराठवाड्यात याची उदाहरणं दारातच आहेत. 'दिवस कासराभर वर आला' म्हणायला घड्याळ लागत नाही, बैलाचा कासरा पुरतो. सूर्य वर्षात 27 नक्षत्रं फिरतो, म्हणून एक नक्षत्र साधारण साडेतेरा दिवसांचं. मृग 7-8 जूनला लागतो. पण मृग 'लागणं' वेगळं आणि 'बरसणं' वेगळं. पेरणीचा सगळा जीव त्या दोन शब्दांमधल्या अंतरात अडकलेला असतो. तुमच्या भाषेतही ठरलेली वेळ आणि खरोखर आलेली वेळ यांना वेगळे शब्द हवेत.

आता एक भाषा इथेच रचून बघू. परभणी जिल्ह्यात चारठाण्याला, वालूरला जुन्या बारवा, म्हणजे पायऱ्यांच्या विहिरी आहेत. समजा, आपले कल्पित लोक अशाच 24 पायऱ्यांच्या बारवेवर जगतात. कोजागरीला ती काठोकाठ असते, मृगापर्यंत तळ दिसतो. मधले दिवस साधारण 235, म्हणजे सरासरीनं एका पायरीला दहा दिवसांच्या आत. पायरीला म्हणू 'डुम', वरच्या बाजूला 'खा', खालच्या बाजूला 'लो'. पाणी खाली खाली जातं, म्हणून पुढचा काळ खाली. 'लो तीन डुम' म्हणजे अजून तीन पायऱ्या उघड्या पडल्यावर.

पण सरासरीवर विसंबू नका. बारव खाली निमुळती होत जाते, त्यामुळे तेवढंच पाणी उपसलं तरी खालच्या पायऱ्या लवकर उघड्या पडतात. त्यात वैशाखाचं ऊन. मार्गशीर्षात एक डुम चौदा दिवसांचा धरला, तर वैशाखात तो सहाचा होईल. तेच 'लो तीन डुम' हिवाळ्यात 42 दिवस, उन्हाळ्यात 18. ही चूक समजून दुरुस्त करू नका. या भाषेचा प्राण इथेच आहे. शेजारच्या गावची बारव वेगळी, म्हणून तारीख सांगताना 'आमच्या बारवेचे' हे जोडावंच लागेल. सोयरीक ठरवताना याच्यावरून किती घोळ होतील, बघा.

क्रियापदाला दोन प्रत्यय देऊ: उघड्यासाठी 'नी', बुडालेल्यासाठी 'वू'. 'हास' म्हणजे पेरणे. 'हासनी' म्हणजे पेरलं, मी पाहिलं. 'हासवू' म्हणजे पेरणार आहे, किंवा पेरलं असेल पण मी पाहिलं नाही. दोन्ही पाण्याखालीच. गोंधळ होईल ही भीती नको. आपल्या 'परवा'चेही दोन अर्थ आहेत. 'परवा आला' आणि 'परवा येईल' यांत क्रियापद निवाडा करतं. इथे तो निवाडा 'खा' आणि 'लो' करतील.

न दिसणारा काळ पुढे नसून पाठीमागे, असं मानणारी माणसं खरोखर आहेत. अँडीज पर्वतातल्या आयमारा भाषेत 'नायरा' म्हणजे डोळा, समोर आणि भूतकाळही. 'नायरा मारा' म्हणजे गेलं वर्ष. राफाएल नुन्येझ आणि ईव्ह स्वीट्सर यांनी 2006 साली या लोकांचे बोलतानाचे हातवारे अभ्यासून दाखवलं, की गेल्या काळाबद्दल बोलताना हात पुढे जातो.

पावसात मात्र आपली मोजणी मोडते. पायऱ्या भराभर बुडतात, डुम मोजून काही कळत नाही. म्हणून वर्षांसाठी दुसरं माप हवं: गाळ. दर पावसाळ्यात तळाशी एक थर बसतो, त्याला 'माक' म्हणू. 'माक' गेलं वर्ष, 'माक-दो' त्याच्या आधीचं. आपल्याकडे जसं गुदस्ता आणि तिगस्ता. येत्या वर्षाला मी मुद्दाम शब्द देणार नाही. ते लोक 'पाणी आलं तर' एवढंच म्हणतील, आणि पावसापलीकडची प्रत्येक गोष्ट या 'तर'नेच सुरू होईल.

यात सगळ्यात जास्त फसतं ते व्याकरण: शब्द नवे आणि वाक्य मराठीच. दुसरी चूक फार गुळगुळीत नियमांची. बोलून बोलून शब्द झिजतात. 'माक-दो' भरभर म्हणत राहा, 'माग्दो' होईल. ते तसंच लिहा.

मग परीक्षा घ्या. 'काल येणार होता, अजून आला नाही' हे तुमच्या भाषेत सांगून बघा. त्यानंतर 'थांब, आलोच!' मराठीत आपण अजून न आलेल्या माणसाला भूतकाळात आणून ठेवतो. बारवेवरची माणसं तिथे 'नी' लावतील की 'वू'? मी 'नी' लावीन. वाट बघणाऱ्याला पायरी उघडी दिसली पाहिजे.