ॲनिलीनमधला अनिल: एका नोंदीचा माझा अनुभव

विज्ञानाच्या एका शब्दसंग्रहासाठी नोंदी लिहायचं काम मी घेतलं, तेव्हा माझ्या वाट्याला 'ॲ'पासून सुरू होणारी काही सेंद्रिय संयुगं आली. प्रत्येक नोंदीचे भाग तीनच: अर्थ, व्युत्पत्ती, वापर. शब्दमर्यादा दीडशे. ॲसिटोन एका बैठकीत झालं, ॲसिटिलीनला दोन लागल्या. ॲनिलीनला सव्वा महिना लागला आणि तेवढ्यात ती नोंद दोनदा माझ्याकडे परत आली.

पहिल्या खेपेचा मजकूर आज वाचला की मान खाली जाते. मी लिहिलं होतं, 'ॲनिलीन: एक कृत्रिम रंग. हवेत उडून जाणारा द्रव असल्याने संस्कृत अनिल, म्हणजे वारा, या शब्दावरून नाव पडले असावे.' हे कुठे वाचलेलं नव्हतं. मनातल्या मनात जुळवलं, ते जुळलं आणि जुळलं म्हणून खरं वाटलं. शब्दांच्या बाबतीत माझं नेहमी असंच होतं.

संपादक सर पेन्सिलीनं शेरे मारत. 'रंग' या शब्दाखाली रेघ आणि समासात प्रश्न: 'कोणता रंग?' 'अनिल'पाशी दुसरा: '१८४ अंशांना उकळणारा पदार्थ वाऱ्यासारखा उडेल कसा?' पाणी शंभराला उकळतं. ॲनिलीन त्याच्याही पुढे ८४ अंश. मी रसायनशास्त्र शिकलेली बाई, आणि हे मला दुसऱ्यानं सांगावं लागलं.

पहिला प्रश्न जास्त झोंबला, कारण उत्तर होतं 'कोणताच नाही'. ताजं, शुद्ध ॲनिलीन हा बिनरंगाचा तेलकट द्रव असतो. हवा लागली की पिवळा पडतो, मग तपकिरी होत जातो. वास कुजक्या मासळीसारखा. पाण्यापेक्षा किंचित जड, पाण्यात थोडंसंच विरघळणारं. रचना सोपी: बेंझिनच्या सहा कार्बनांच्या षट्कोनाला एक अमिनो गट, म्हणजे एक नायट्रोजन आणि दोन हायड्रोजन, जोडलेला. रंग त्याच्यापासून बनतात, ते स्वतः रंग नव्हे. पिठाला पोळी म्हटल्यासारखी माझी चूक होती. 'अर्थ' हा भाग असा एका दिवसात दुरुस्त झाला. खरी खोळंबलेली गोष्ट होती व्युत्पत्ती.

मी शोध कुणी लावला तिथून सुरुवात केली आणि तिथेच फसले. ऑटो उनफरडॉर्बेन यांनी १८२६ मध्ये नीळ कोरडी तापवून ऊर्ध्वपातन केलं आणि त्यातून हे तेल मिळवलं. आम्लांबरोबर त्याचे छान स्फटिक होतात म्हणून त्यांनी नाव ठेवलं 'क्रिस्टालिन'. म्हणजे ॲनिलीन पहिल्यांदा हाती आलं तेव्हा ते ॲनिलीन नव्हतंच. मग १८३४ मध्ये फ्रीडलिब रुंगे यांना दगडी कोळशाच्या डांबरात एक पदार्थ सापडला. त्यावर ब्लीचिंग पावडरचं द्रावण घातलं की निळा रंग येई. ग्रीक भाषेत निळ्याला 'क्यानोस', म्हणून रुंगे यांनी नाव दिलं 'क्यानोल', निळं तेल. (हे रुंगे मला फार आवडले. कॉफीतून कॅफीन पहिल्यांदा वेगळं काढणारे तेच, आणि डांबरातून फिनॉल काढणारेही तेच. एकेका माणसाच्या हाताला काय गुण असतो!)

तिसरी पाळी कार्ल युलियुस फ्रिट्शे यांची. सेंट पीटर्सबर्गमध्ये काम करणाऱ्या या रसायनशास्त्रज्ञानं १८४० मध्ये निळीवर दाहक पोटॅशची क्रिया करून तेल मिळवलं आणि नाव दिलं 'अनिलिन'. चौथे निकोलाय झीनिन, कझानचे. त्यांनी १८४२ मध्ये निळीला किंवा डांबराला हातच लावला नाही. नायट्रोबेंझिनचं क्षपण करून, म्हणजे त्यातला ऑक्सिजन काढून हायड्रोजन जोडून, त्यांनी एक द्रव तयार केला आणि त्याला 'बेंझिडाम' म्हटलं.

चार माणसं, चार वाटा, चार नावं. हे चारही पदार्थ एकच आहेत हे १८४३ मध्ये ऑगुस्ट विल्हेल्म हॉफमान यांनी दाखवून दिलं. माझ्या वहीत मी चार नावं चार कोपऱ्यांत लिहून मधे वर्तुळ काढलं होतं, तेव्हा कुठे माझ्या लक्षात आलं की मी चुकीचा प्रश्न विचारत होते. शोध कुणाचा हा एक प्रश्न, नाव कुणाचं हा दुसरा. व्युत्पत्तीच्या रकान्यात उनफरडॉर्बेन नव्हे, फ्रिट्शे हवे. उनफरडॉर्बेन यांना तिथून हलवताना वाईट वाटलं, पण नोंद शब्दाची होती.

फ्रिट्शे यांनी 'अनिल' कुठून घेतलं? निळीच्या एका झाडाचं शास्त्रीय नाव तेव्हा 'इंडिगोफेरा अनिल' असं होतं. हल्ली त्याला 'इंडिगोफेरा सफ्रुटिकोसा' म्हणतात. मूळचं ते अमेरिका खंडाच्या उष्ण भागातलं. त्यातलं 'अनिल' आलं पोर्तुगीज-स्पॅनिशमधून. पोर्तुगीजमध्ये निळीला 'अनिल'च म्हणतात. पोर्तुगीजांना तो शब्द मिळाला अरबीतून, 'अन्-नील'. अरबीनं घेतला फारसीमार्गे, आणि फारसी 'नील'च्या मागे उभी होती संस्कृत 'नीली', म्हणजे निळीचं झाड.

हे वाचून मी खुर्चीतून उठले आणि दोन फेऱ्या मारून परत बसले. पहिल्या खेपेला मी संस्कृतच म्हटलं होतं! फक्त शब्द चुकीचा धरला होता. 'अनिल' दिसतो आपला, पण हा अनिल वाऱ्याचा नव्हे. यातला 'नील' आपला आणि 'अ' परका.

तो 'अ' मात्र मला दोन दिवस छळत राहिला. अरबीत नामाआधी 'अल्' लागतो, इंग्रजीतल्या 'द'सारखा. अल्कोहोल, अल्कली या शब्दांच्या तोंडी तोच आहे. मग इथे 'अल्-नील' का नाही? कारण अरबीत काही व्यंजनांपुढे 'अल्'मधला 'ल्' टिकत नाही, पुढच्या व्यंजनासारखा होतो. 'न' हे त्यांपैकी एक. म्हणून 'अन्-नील'. शाळेत 'जगत् + नाथ = जगन्नाथ' घोकलेल्या माणसाला हे पटायला वेळ लागत नाही. तिथे 'त्' चा 'न्' झाला, इथे 'ल्' चा. नीली गावाहून निघाली, वाटेत अरबांनी तिला उपपद जोडलं, पोर्तुगीजांनी ते उपपद नावाचाच भाग समजून घेतलं, वनस्पतिशास्त्रानं त्याला लॅटिनमध्ये बसवलं, आणि शेवटी तिला जर्मनमध्ये शेपूट लागलं.

आणखी एक गंमत नोंदीत बसली नाही, ती इथे सांगते. 'इंडिगो' हा शब्द ग्रीक 'इंडिकॉन'वरून आला, अर्थ 'हिंदचं'. म्हणजे 'इंडिगोफेरा अनिल' या अमेरिकेतल्या झाडाच्या नावात पहिला शब्द देशाचा आणि दुसरा त्या देशातल्या भाषेचा. झाड मात्र तिथलं नाही.

शेपटाबद्दल मी आधी एक ओळही लिहिली नव्हती. 'ईन हा प्रत्यय' एवढं म्हणून पुढे गेले होते. दुसऱ्या खेपेला सरांनी तिथेच अडवलं. फोनवर म्हणाले, "अहो, बेंझीनमधला ईन आणि हा ईन एकच का?" मी "हो" म्हणणार होते. रोमन लिपीत पाहिलं तर दोन्हींची अक्षरं वेगळी. एक प्रत्यय हायड्रोकार्बनांचा, दुसरा आम्लारिधर्मी नत्रयुक्त पदार्थांचा: मॉर्फीन, क्विनीन, कॅफीन यांच्या पंगतीतला. देवनागरीत आपण दोन्ही 'ईन'च लिहितो आणि फरक पुसून टाकतो. मुलांना मग बेंझीन आणि ॲनिलीन सख्खे भाऊ वाटतात. ॲनिलीन हे अल्कलीधर्मी, आम्लाबरोबर क्षार देणारं आहे, हे त्याच्या शेपटातच सांगितलेलं होतं. अगदी दुबळी अल्कली, अमोनियाहूनही दुबळी, पण अल्कलीच. उनफरडॉर्बेन यांचे स्फटिक त्या क्षारांचेच होते.

लेखनाचा घोळ वेगळाच. ॲनिलीन, ॲनिलिन, अनिलीन, अॅनिलाइन अशी रूपं मला सापडली. मी उत्साहाच्या भरात 'नीलीन' असा शब्दच सुचवला: घरचा शब्द घरी आणावा म्हणून. सरांनी तो शांतपणे खोडला आणि बाजूला लिहिलं, 'कुणी शोधेल का?' बरोबरच होतं. पद्धतशीर नावं म्हणून फिनिलअमाइन, अमिनोबेंझीन, बेंझिनअमाइन ही तीनही पुस्तकांत दिसतात. पण गंमत अशी की आंतरराष्ट्रीय नामकरणाच्या २०१३ च्या शिफारशींतही पसंतीचं नाव म्हणून 'ॲनिलीन'च ठेवलेलं आहे. मग ॲनिलीन मुख्य आणि बाकीची 'पाहा' म्हणून, असं ठरलं.

'वापर' या भागात मी रासायनिक वापर लिहून मोकळी झाले होते. जगातल्या ॲनिलीनचा मोठा भाग आज पॉलियुरेथेन फोमसाठी लागणाऱ्या एमडीआय या रसायनात जातो, शिवाय रबर, औषधं, रंग. पण शब्दसंग्रहात 'वापर' म्हणजे शब्दाचा वापर, हे मला उशिरा कळलं. आणि हा भाग व्युत्पत्तीइतकाच रंगला.

१८५६ मध्ये अठरा वर्षांचा विल्यम पर्किन क्विनीन बनवायला बसला आणि अशुद्ध ॲनिलीनमधून जांभळा रंग, मोव्ह, हाती आला. त्या अशुद्धीत टोल्युइडीन हे ॲनिलीनच्याच कुळातलं संयुग होतं म्हणूनच तो रंग झाला. चोख ॲनिलीन असतं तर पर्किन रिकाम्या हातानं उठला असता. त्यानंतर कारखान्यांच्या नावातच शब्द शिरला. 'बीएएसएफ'मधला 'ए' ॲनिलीनचा, 'आग्फा'मधला शेवटचा 'ए'ही ॲनिलीनचाच. डांबरापासून बनलेल्या कुठल्याही रंगाला लोक 'ॲनिलीन रंग' म्हणू लागले, त्यात ॲनिलीन असो वा नसो. मी पहिल्या खेपेला केलेली चूक ही तीच, शंभर-दीडशे वर्षं जुनी. आजही 'ॲनिलीन लेदर' म्हणजे वरून रंगद्रव्याचा थर न देता विरघळणाऱ्या रंगानं रंगवलेलं चामडं. पेट्रोलियमवाल्यांचा 'ॲनिलीन बिंदू' म्हणजे तेल आणि ॲनिलीन सारख्या मापानं घेतली तर ज्या किमान तापमानाला ती पूर्ण मिसळतात ते तापमान. आणि १९३५ च्या सुमारास पुढे आलेलं जीवाणूंवरचं औषध सल्फॅनिलअमाइड? मधली अक्षरं मोठ्यानं म्हणून पाहा. आपली नीली तिथेही बसलेली आहे.

शब्दाच्या वाट्याला बदनामीही आली. १८९५ मध्ये लुडविग रेन या शल्यचिकित्सकानं रंगाच्या कारखान्यातल्या कामगारांमध्ये मूत्राशयाच्या गाठी पाहिल्या आणि 'ॲनिलीन कर्करोग' हे नाव रूढ झालं. पुढे मुख्य दोषी म्हणून बेंझिडीन आणि बीटा-नॅफ्थिलअमाइन ही दुसरीच रसायनं समोर आली, तरी नाव चिकटलं ते चिकटलं. अर्थात ॲनिलीन काही साधुसंत नव्हे. ते कातडीतूनही शरीरात जातं, रक्तातल्या हिमोग्लोबिनची प्राणवायू वाहण्याची ताकद घालवतं, आणि ओठ-नखं निळसर पडतात. बिनरंगाच्या या द्रवानं आपलं नाव कुठे खरं करावं, तर इथे.

यात निळीचं वर्तुळ पूर्ण होतं हे लिहायला मी जवळजवळ विसरलेच होते. निळीतून ॲनिलीन निघालं होतं. १८९० मध्ये कार्ल हॉयमान यांनी उलट ॲनिलीनपासून नीळ बनवण्याची रीत सांगितली. पदरात फारच थोडी पडे. १९०१ मध्ये योहानेस फ्लेगर यांनी त्यात सोडामाइड वापरलं आणि ती रीत कारखान्यात चालू शकेल अशी झाली. दरम्यान १८९७ मध्ये बाजारात आलेली कृत्रिम नीळ नॅफ्थॅलीनपासूनची होती. ही ओळ काटेकोर लिहिताना माझे तीन कागद फुकट गेले, कारण '१८९७ ला ॲनिलीनपासून नीळ' असं लिहिणं फार सोपं होतं आणि साफ चूक होतं.

शेवटी नोंद एकशे अठ्ठेचाळीस शब्दांत बसली. रुंगे यांची कॉफी गेली, रेन गेले, जगन्नाथही गेला. सरांनी या खेपेला एकच शेरा मारला: 'छापायला द्या.'

मुद्रित आलं तेव्हा मी आधी व्युत्पत्तीच वाचली. 'पोर्तुगीज अनिल' या शब्दांपुढे कंसात कुणीतरी मदत म्हणून 'वारा' असं घातलं होतं. मी लाल पेन घेतलं.